पू न होणारी जखम: ‘इम्युनोकॉम्प्रोमाइज्ड’ म्हणजे नेमकं काय?

पू झाला नाही म्हणजे जखम चांगली आहे, असं आपण धरून चालतो. बहुतेकांच्या बाबतीत ते खरंही असतं. पण केमोथेरपीचा डोस घेऊन आठ-दहा दिवस झालेल्या माणसाच्या बोटात सुई गेली आणि तिथून जंतू शिरले, तरी पू होत नाही, सूज फारशी येत नाही, लालीही जेमतेम दिसते. पू म्हणजे मुख्यतः जंतूंशी झटून मेलेल्या पांढऱ्या पेशी. त्या पेशीच रक्तात उरल्या नसतील तर पू होणार कशाचा? अशा माणसाच्या छातीचा एक्स-रे सुरुवातीला साफ येतो आणि आत न्यूमोनिया वाढत असतो. त्याच्या फाइलवर डॉक्टरांनी एक लांबलचक शब्द लिहिलेला असतो: इम्युनोकॉम्प्रोमाइज्ड.

कोरोनाच्या काळात हा शब्द बातम्यांतून घरोघरी पोचला, पण अर्थ अर्धाच पोचला. काही जण त्याचा अर्थ ‘तब्येतीने नाजूक’ असा घेतात. बालवाडीत जाणाऱ्या मुलाला वर्षातून सहा-आठ वेळा सर्दी झाली की आई काळजीने विचारते, ‘याची इम्युनिटी कमी आहे का हो?’ त्या वयात तेवढ्या सर्द्या नेहमीच्याच असतात. दुसरीकडे, हा शब्द ऐकताच काही घरांत एकदम शांतता पसरते, कारण त्यांच्या मनात पहिलं नाव एचआयव्हीचं येतं. मग फाइल कपाटात तळाशी जाते, शेजारीपाजारी काही कळू दिलं जात नाही आणि तातडीच्या वेळी नव्या डॉक्टरांनाही सांगितलं जात नाही. हे लपवणं जिवावर बेतू शकतं, म्हणून हा शब्द नीट समजून घेतला पाहिजे असं मला मनापासून वाटतं.

शरीराच्या रोगप्रतिकार यंत्रणेचा एखादा भाग कमी पडतो आहे, त्यामुळे एरवी निरुपद्रवी असणारे जंतू या माणसाला आजारी पाडू शकतात आणि नेहमीचे जंतू जास्त जोर करू शकतात, एवढंच हा शब्द सांगतो. तो आजाराचं नाव नाही, एका अवस्थेचं वर्णन आहे. त्यामुळे तो कानावर पडला की लगेच तीन प्रश्न विचारावेत: कशामुळे? यंत्रणेचा कोणता भाग? आणि किती दिवस?

कोणता भाग, हा प्रश्न आपल्या मागांच्या सोलापुरात वेगळा समजावायला नको. ताण्यातला एक धागा तुटला आणि माग तसाच चालत राहिला, तर कापडावर नेमकी त्याच जागी उभी रेघ उठते. जाणकार विणकर रेघ बघून धागा शोधतो. डॉक्टरही संसर्ग कोणता झाला हे बघून प्रतिकारयंत्रणेचा कोणता भाग गेला असेल याचा माग काढतात. न्यूट्रोफिल नावाच्या पांढऱ्या पेशी घटल्या तर जिवाणूंना आणि काही बुरशांना फावतं. टी-पेशी, म्हणजे पांढऱ्या पेशींचाच दुसरा एक प्रकार, घटल्या तर क्षयरोग, नागीण आणि न्यूमोसिस्टिस या बुरशीचा न्यूमोनिया असे आजार डोकं वर काढतात. प्रतिपिंडं, म्हणजे अँटिबॉडी, नसतील तर कान, सायनस आणि फुप्फुसं पुन्हा पुन्हा बिघडतात. १९५२ साली ऑग्डेन ब्रुटन या अमेरिकी डॉक्टरांनी आठ वर्षांच्या एका मुलाचं रक्त तपासलं. त्याला एकाच जातीच्या जिवाणूचा गंभीर संसर्ग पुन्हा पुन्हा होत होता. त्याच्या रक्तात गॅमा ग्लोब्युलिन, म्हणजे ज्यात प्रतिपिंडं असतात ते प्रथिन, जवळजवळ नव्हतंच. जन्मतःच असलेल्या अशा दोषांचा अभ्यास तिथून पुढे वेगाने वाढला. आपल्याकडे मुंबईची राष्ट्रीय इम्युनोहिमॅटॉलॉजी संस्था हे काम करते. हे दोष दुर्मीळ असतात. मोठेपणी दिसणारी कमतरता बहुतेक वेळा मागून आलेली असते, आणि बऱ्याचदा ती औषधांमुळे आलेली असते.

आता एक रक्ताचा रिपोर्ट हातात घेऊ. एकूण पांढऱ्या पेशी १,२००. त्याखाली न्यूट्रोफिल ३० टक्के. टक्का बघून ‘तीस म्हणजे ठीकच की’ असं वाटेल. पण १,२०० चे ३० टक्के म्हणजे ३६०, आणि महत्त्वाचा आकडा हाच. दर मायक्रोलिटर रक्तात न्यूट्रोफिल साधारण १,५०० च्या वर हवेत. ५०० च्या खाली गेले की धोका फार वाढतो, आणि जितके जास्त दिवस खाली राहतील तितका तो वाढत जातो. हाडांतला मगज रोज सुमारे १०० अब्ज न्यूट्रोफिल तयार करतो. केमोची औषधं भराभर विभागणाऱ्या पेशींवर वार करतात. त्यात कॅन्सरच्या पेशी सापडतात, तसा हा मगजही सापडतो. बऱ्याच औषधांत डोसनंतर ७ ते १४ दिवसांच्या दरम्यान काउंट सगळ्यात खाली जातो आणि मग हळूहळू वर येतो.

या दिवसांचं गणित आपल्या जिल्ह्यात फार महत्त्वाचं आहे. बार्शीच्या नर्गिस दत्त कॅन्सर हॉस्पिटलात किंवा सोलापूर शहरात केमो घेऊन पेशंट अक्कलकोटला, करमाळ्याला, मंगळवेढ्याला आपापल्या घरी परततो. डोसच्या दिवशी सगळे जपतात. आठवड्यानंतर तो जरा उठून बसतो, जेवायला लागतो, घरच्यांना हायसं वाटतं. काउंट तळाला असतो तो नेमका तेव्हा. दहाव्या रात्री अंग तापतं, घरातली तापाची गोळी दिली जाते, ताप उतरतो आणि सकाळी बघू म्हणून सगळे झोपतात. असं करू नये. पू नाही, सूज नाही, खोकला नाही, अशा माणसात ताप ही बऱ्याचदा संसर्गाची एकमेव खूण असते आणि गोळीने आपण तीच पुसून टाकतो. थर्मामीटर लावून बघावं. ताप एकदा जरी १०१ फॅरनहाइटवर गेला, किंवा १००.४ च्या वर तासभर टिकला, तर रात्रीचे दोन वाजले असले तरी निघायचं. हॉस्पिटलात पोचल्यापासून तासाभरात शिरेतून अँटिबायोटिक सुरू व्हावं, असा वैद्यकीय संकेत आहे. सिव्हिलमध्ये जा की खाजगीत, दारातच पहिलं वाक्य ‘ताप आलाय’ असं नको. ‘केमो चालू आहे, शेवटचा डोस अमुक तारखेला झाला, आज ताप आहे’ हे हवं. या एका वाक्याने रांग बदलते.

औषधांमुळे येणाऱ्या कमतरतेचा दुसरा मोठा गट स्टेरॉइडचा. प्रेडनिसोलोन रोज २० मिलिग्रॅम किंवा त्याहून जास्त, दोन आठवडे किंवा त्याहून अधिक काळ घेतलं, तर त्या माणसाला डॉक्टर इम्युनोकॉम्प्रोमाइज्ड धरतात. दम्यासाठी, संधिवातासाठी, किडनीच्या काही आजारांसाठी हे औषध अक्षरशः वाचवणारं आहे, आणि डॉक्टरांच्या देखरेखीखाली घेणाऱ्याने त्याला घाबरू नये. चिंता वाटते ती चिठ्ठीशिवाय घेणाऱ्यांची. मागावर दिवसभर उभं राहून गुडघे धरलेले कामगार, विड्या वळताना मांडी घालून बसून कंबर मोडलेल्या बाया कुणाच्या तरी सांगण्यावरून बिननावाची पुडी आणतात. दोन दिवसांत दुखणं गायब होतं, भूक लागते, चेहरा भरल्यासारखा दिसतो. ‘गुण आला’ म्हणून पुडी वर्षानुवर्षं चालू राहते. अशा कित्येक पुड्यांत स्टेरॉइड मिसळलेलं आढळलं आहे. मग साखर वाढते, कातडी पातळ होऊन जरा लागलं की काळं-निळं होतं आणि छातीत दडून राहिलेला क्षयरोग जागा होतो. एक गोष्ट इथे ठळक सांगायला हवी: हे वाचून पुडी एकदम बंद करू नका. बाहेरून स्टेरॉइड मिळत राहिलं की शरीर स्वतःचं बनवणं कमी करतं, आणि अचानक तोडल्यास रक्तदाब कोसळू शकतो. पुडी घेऊन डॉक्टरांकडे जा, ते डोस टप्प्याटप्प्याने उतरवतील.

संधिवातासाठी मेथोट्रेक्सेट देतात, ते आठवड्यातून एकदाच घ्यायचं असतं. चुकून रोज घेतलं गेलं तर काही दिवसांत पांढऱ्या पेशी कोसळतात आणि तोंड सोलून निघतं. गोळीच्या पाकिटावर वार लिहून ठेवावा.

किडनी बदललेल्या माणसाची गोष्ट वेगळीच. त्याची प्रतिकारशक्ती मुद्दाम दाबलेली असते. १९५४ मध्ये बोस्टनला पहिलं यशस्वी किडनी प्रत्यारोपण झालं ते एकसारख्या जुळ्या भावांत, म्हणून शरीराने नवी किडनी परकी मानली नाही. इतर सगळ्यांना टॅक्रोलिमस, सायक्लोस्पोरिनसारखी औषधं किडनी चालू आहे तोवर घ्यावी लागतात. अशा माणसाला कुणी प्रेमाने ‘इम्युनिटी वाढवायचा’ काढा दिला तर तो कोणावर उलटेल? त्याच्याच किडनीवर उलटू शकतो. शिवाय काही वनस्पतींमुळे या औषधांची रक्तातली पातळी वरखाली होते. गुळवेलीच्या सेवनानंतर यकृताला इजा झाल्याच्या नोंदी भारतीय डॉक्टरांनी प्रसिद्ध केल्या आहेत. नातेवाइकांनी काढ्याऐवजी गोळ्यांच्या वेळा सांभाळायला मदत करावी.

मधुमेहाचं काय, हा प्रश्न आपल्याकडे विचारलाच जातो. साखर सतत चढलेली असेल तर न्यूट्रोफिल संख्येने पुरेसे असूनही सुस्त पडतात. क्षयरोगाचा धोका दोन-तीन पटींनी वाढतो. २०२१ च्या उन्हाळ्यात म्युकर नावाच्या बुरशीने जो घाला घातला, त्यात चढलेली साखर आणि कोरोनावर दिलेले स्टेरॉइडचे डोस ही जोडी वारंवार दिसली. ही बुरशी माती-हवेत नेहमीच असते, धडधाकट माणसाला ती सहसा काही करत नाही. पण साखर ताब्यात असलेल्या मधुमेहीला सरसकट इम्युनोकॉम्प्रोमाइज्ड म्हणणं मला पटत नाही. या अवस्थेला पायऱ्या आहेत, आणि साखर आटोक्यात आणून माणूस खालच्या पायरीवर उतरू शकतो.

एचआयव्हीबद्दल तर हे जास्तच खरं आहे. जून १९८१ मध्ये लॉस एंजेलिसच्या पाच तरुणांना न्यूमोसिस्टिसचा न्यूमोनिया झाल्याची नोंद प्रसिद्ध झाली. विषाणू सापडायच्या आधी त्या संसर्गावरूनच डॉक्टरांना कळलं की टी-पेशींत काहीतरी मोठा बिघाड आहे. हा विषाणू ज्या टी-पेशी मारतो त्यांचा काउंट म्हणजे सीडी-४. निरोगी माणसात तो साधारण ५०० ते १,५०० असतो, २०० च्या खाली गेला की एड्सची अवस्था मानतात. २०१७ पासून भारतात सीडी-४ कितीही असो, एचआयव्ही असलेल्या प्रत्येकाला सरकारी एआरटी केंद्रात मोफत औषधं सुरू करतात. वेळेवर सुरू केलेल्या आणि न चुकवता गोळ्या घेणाऱ्या अनेकांचा काउंट नेहमीच्या पातळीत येतो. म्हणजे एचआयव्ही असलेला प्रत्येक जण इम्युनोकॉम्प्रोमाइज्ड नसतो, आणि इम्युनोकॉम्प्रोमाइज्ड असलेल्या बहुसंख्यांना एचआयव्ही नसतो.

रोजच्या जगण्यात याचं काय करायचं? जानेवारीत सिद्धेश्वरांची गड्डा यात्रा आली की पेशंट हमखास विचारतात, ‘नंदीध्वजांच्या मिरवणुकीला जाऊ का?’ अक्षता सोहळ्याची ओढ मला कळते, आणि म्हणून सरळ ‘नको’ म्हणवत नाही. डोसची तारीख बघावी. काउंट तळाला असण्याचे दिवस आणि मिरवणुकीचा दिवस एकच असेल तर घरून हात जोडावेत. यात्रेच्या होम मैदानावरच्या धुळीत अ‍ॅस्परजिलस बुरशीची बीजं असू शकतात, आणि दाटीत खोकणारा कोण हे कळत नाही. काउंट वर आला असेल, डॉक्टरांनी होकार दिला असेल, तर गर्दीची वेळ टाळून एन-९५ मास्क लावून दर्शन घेता येईल.

जेवणाबाबत घराघरांत उगाच उपास घडवले जातात. सगळी कच्ची फळं बंद केल्याने संसर्ग कमी होतात असं अभ्यासांत दिसलेलं नाही, स्वच्छता मात्र कसून हवी. राष्ट्रीय डाळिंब संशोधन केंद्र ज्या सोलापुरात आहे तिथल्या माणसाने डाळिंब सोडू नये. सालीसकट धुवावं, हात धुऊन घरी सोलावं आणि लगेच खावं. गाड्यावरचा बर्फ घातलेला रस मात्र नको. कडक भाकरी आणि शेंगाची चटणी चालते, शेंगदाणे कुबट नसले की झालं. पण केमोने तोंड आलं असेल तर दोन्ही झोंबतील, मग भाकरी वरणात भिजवून द्यावी. आपल्याकडे नळाला पाणी काही दिवसांच्या अंतराने येतं आणि ते साठवावं लागतं. पेशंटचं पिण्याचं पाणी वेगळं उकळून झाकून ठेवावं, आणि पिंपाला घट्ट झाकण असावं, कारण याच काळात डेंगी झाला तर आधीच कमी असलेल्या पेशी आणखी उतरतात.

लसींबद्दल गैरसमज दोन्ही बाजूंनी आहेत. गोवर किंवा कांजिण्यांच्या लशीत जिवंत, दुबळे केलेले विषाणू असतात, म्हणून प्रतिकारशक्ती फार घटलेली असताना त्या देत नाहीत. फ्लू आणि न्यूमोकॉकस (न्यूमोनियाचा एक जिवाणू) यांच्या इंजेक्शनांत जिवंत जंतू नसतात, त्या देता येतात आणि द्याव्यातच. फक्त त्यांचा परिणाम थोडा कमी मिळू शकतो, म्हणून घरातल्या इतरांनीही फ्लूची लस घ्यावी. प्लीहा, म्हणजे पोटातला रक्तातले जंतू गाळणारा अवयव, काढायची ठरली असेल तर लसी शक्यतो शस्त्रक्रियेच्या किमान दोन आठवडे आधी देतात. आणि ज्यांच्या हाडांतल्या मगजाचं प्रत्यारोपण होतं, त्यांची लहानपणी मिळालेली लसींची शिदोरी बहुतांशी पुसली जाते. पन्नाशीच्या गृहस्थालाही प्रत्यारोपणानंतर सहा महिने ते वर्षभराने धनुर्वात, घटसर्प, पोलिओ यांची इंजेक्शनं तान्ह्या बाळासारखी पुन्हा पहिल्यापासून घ्यावी लागतात. गोवराची लस मात्र साधारण दोन वर्षांनी, तीही डॉक्टरांनी नवी प्रतिकारशक्ती पुरेशी उभी राहिल्याची खात्री केल्यावरच.