इन्व्हेंटरी व्यवस्थापन, स्टेल्थ व्हिडिओ गेममधील

पहारेकऱ्यांची नजर चुकवून चोरी, हेरगिरी किंवा हत्या पार पाडायच्या व्हिडिओ गेममध्ये पात्राने काय जवळ बाळगावे, त्यातले काय हातात घ्यावे, काय वापरून संपवावे आणि काय मागे सोडावे यासंबंधीचे नियम, तसेच त्या नियमांशी जुळवून घेण्याची खेळाडूंची रीत. इन्व्हेंटरी, म्हणजे पात्राजवळच्या सामानाचा साठा, रोलप्लेइंग गेममध्येही (पात्राची भूमिका घेऊन त्याला घडवत नेण्याच्या खेळांतही) असते. तेथे ती बहुधा पात्राच्या वाढत्या ताकदीचा हिशेब ठेवते. स्टेल्थ गेममध्ये तिच्यावर वेगळी जबाबदारी असते. गोळ्या मुद्दाम कमी दिलेल्या असतात, आवाज न करणारी साधने त्याहून कमी असतात आणि ती काढायला, बदलायला किंवा शोधायला लागणारा वेळ पहारेकऱ्याच्या फेरीतून कापून घ्यावा लागतो. खेळाडूला लढाईपासून दूर ठेवण्याचे निम्मे काम ही टंचाईच करते.

उगम : स्टेल्थ प्रकारातला पहिला खेळ कोणता याविषयी एकमत नाही आणि इन्व्हेंटरीचा आरंभ कोठे धरावा हे बरेचसे त्या वादावर अवलंबून आहे. जपानमध्ये १९७९ च्या सुमारास हिरोशी सुझुकी यांनी ‘पेट’ नावाच्या संगणकासाठी ‘मान्बिकी शोनेन’ हा खेळ रचला. त्यात दुकानदाराची पाठ वळली की माल उचलायचा असतो. सेगा कंपनीच्या ‘००५’ (१९८१) या आर्केड खेळात गुप्त कागदपत्रांची ब्रीफकेस पहारेकऱ्यांचे विजेरीचे झोत चुकवत हेलिकॉप्टरपर्यंत न्यायची असते. गिनेस वर्ल्ड रेकॉर्ड्सने पहिला स्टेल्थ गेम म्हणून याचीच नोंद घेतली. पण प्रस्तुत विषयाच्या दृष्टीने दोन्ही दाखले अपुरे आहेत. पहिल्यात उचललेला माल म्हणजे केवळ गुण. दुसऱ्यातली ब्रीफकेस हे मोहिमेचे ओझे. काय ठेवू आणि काय टाकू हा प्रश्न दोन्हींत पडत नाही.

‘कॅसल वुल्फेनस्टाइन’चा (१९८१) दावा अधिक भक्कम वाटतो. अमेरिकेतील म्यूज सॉफ्टवेअरसाठी सायलस वॉर्नर यांनी ॲपल टू संगणकावर हा खेळ तयार केला. नाझींच्या किल्ल्यात अडकलेल्या कैद्याजवळ सुरुवातीला पिस्तूल आणि मोजक्या गोळ्या असतात. बाकीचे सामान मेलेल्या किंवा हात वर केलेल्या शिपायाची झडती घेऊन, नाहीतर पेट्या उघडून मिळवायचे. कुलूपबंद पेटी उघडायला वेळ लागतो आणि तेवढ्यात शिपाई खोलीत येऊ शकतो. घाई असेल तर पेटीवर गोळी झाडता येते, मात्र आत स्फोटके निघाली तर खेळ तेथेच संपतो. पेट्यांमधून हातबाँब, गोळीरोधक जाकीट आणि गणवेश मिळतात, तशाच खाण्यापिण्याच्या वस्तूही मिळतात. दारू प्यायल्यास काही काळ नेम चुकतो. मिळालेला गणवेश साध्या शिपायांना फसवतो, एसएस या खास नाझी दलाच्या सैनिकांना नाही. साधनाचा उपयोग समोर कोण उभा आहे यावर ठरावा ही कल्पना येथेच पुरती रुजलेली दिसते. ‘बियाँड कॅसल वुल्फेनस्टाइन’मध्ये (१९८४) तिला ओळखपत्रे, लाच आणि खंजीर यांची जोड मिळाली.

दुसऱ्या मतानुसार खरा आरंभ कोनामीच्या ‘मेटल गिअर’पासून (१९८७, एमएसएक्स २ या घरगुती संगणकावरचा) धरावा. कॅसल वुल्फेनस्टाइनमध्ये जाकीट किंवा गणवेश एकदा मिळाला की तो अंगावर असतोच, निवड करावी लागत नाही, असा या मताचा आधार आहे. हिदेओ कोजिमा यांनी रचलेल्या मेटल गिअरमध्ये शस्त्रांचा आणि वस्तूंचा असे दोन स्वतंत्र पडदे आहेत आणि एका वेळी प्रत्येकातली एकच गोष्ट वापरात राहते. नायक स्नेक सिगारेटची पाकिटे घेऊन निःशस्त्र आत शिरतो; बाकी सगळे शत्रूच्या तळावरच मिळवायचे. कैदी सोडवत गेले की त्याचा दर्जा वाढतो आणि बाळगता येणाऱ्या साठ्याची मर्यादाही वाढते. एमएसएक्स २ वर एकाच वेळी अनेक शत्रू आणि गोळ्या नीट दाखवता येत नसल्याने लढण्याऐवजी लपण्याचा खेळ करावा लागला, असे कोजिमा यांनी सांगितले आहे. हे स्पष्टीकरण लढाई कमी का झाली याला लागू पडते. दोन पडद्यांच्या इन्व्हेंटरीचे मूळ त्यात सापडत नाही. त्यासाठी त्या काळच्या संगणकीय साहसखेळांकडे पाहणे कदाचित अधिक योग्य ठरेल.

वस्तू बाळगण्याची सगळी कल्पना १९८० च्या आसपासच्या रोलप्लेइंग गेममधून आली असे तिसरे मतही मांडले जाते. वस्तूंची यादी, वजनाची मर्यादा यांपुरते ते मान्य करण्याजोगे आहे. झडतीला लागणारा वेळ हीच किंमत, हे तत्त्व मात्र त्या खेळांत ठळक नाही. त्यामुळे शोधण्याचे अंग वॉर्नर यांच्याकडे आणि निवडीचे अंग कोजिमा यांच्याकडे जाते, असे मानणे सयुक्तिक दिसते.

एकच हात, एकच वस्तू : मेटल गिअरमधली एक जागा या नियमाचा स्वभाव चांगला दाखवते. विषारी वायू भरलेल्या खोलीत मुखवटा चढवला की जीव वाचतो, पण दार उघडायला योग्य क्रमांकाचे कार्ड वापरात असावे लागते. (कार्डे आठ आहेत, आणि कोणत्या दाराला कोणते हे बाहेरून कळत नाही.) कार्ड घ्यायचे तर मुखवटा उतरतो, आणि कार्डे बदलून पाहत असताना जीवनपट्टी (उरलेला जीव दाखवणारी पट्टी) घटत जाते. वास्तवाच्या दृष्टीने हा प्रकार हास्यास्पद आहे. मुखवटा घातलेल्या माणसाला खिशातून कार्ड काढता येऊ नये याला कारण नाही. पण कृत्रिम अडचणीमुळेच खेळाडू दाराजवळ जाण्याआधी विचार करू लागतो.

प्लेस्टेशनवरच्या ‘मेटल गिअर सॉलिड’मध्ये (१९९८) हीच मांडणी कंट्रोलरच्या खांद्यावरच्या दोन बटणांवर आली: एकावर वस्तू, दुसऱ्यावर शस्त्रे. बटण दाबून धरले की खेळ थांबतो. रेशन (जीव भरून काढणारा शिधा) वापरात ठेवले तर जीवनपट्टी संपताक्षणी ते आपोआप खाल्ले जाते, पण मग त्या जागी दुसरे काही ठेवता येत नाही. थंड भागात रेशन गोठते आणि वापरात ठेवून शरीराच्या उबेने वितळवावे लागते. सिगारेट ओढत राहिल्यास जीव घटतो, मात्र धुरात इन्फ्रारेड किरण दिसू लागतात.

‘मेटल गिअर सॉलिड ३’ने (२००४) या पद्धतीला जंगलातल्या निर्वाहाची जोड दिली. वापरातल्या आणि पाठपिशवीतल्या वस्तू वेगळ्या झाल्या आणि जवळच्या वजनाचा परिणाम दमावर होऊ लागला. अंगावरचे कपडे व चेहऱ्यावरचा रंग परिसराशी किती मिसळतात हे टक्क्यांत दिसते. बंदुकीचा आवाज दाबणारा सायलेन्सर झिजतो. मारलेल्या प्राण्याचे मांस खेळ बंद असतानाही कालांतराने नासते. तोच प्राणी गुंगीच्या गोळीने जिवंत पकडला तर ताजा राहतो. नासलेले अन्न फेकायचे नसते, ते भुकेल्या पहारेकऱ्यासमोर टाकायचे असते. इतके बारकावे सांभाळताना खेळाडूला वारंवार मेनू उघडावा लागतो, ही या खेळावरची रास्त तक्रार आहे.

‘थीफ’मधील अर्थव्यवहार : लुकिंग ग्लास स्टुडिओजच्या ‘थीफ : द डार्क प्रोजेक्ट’ने (१९९८) साधनांचा प्रश्न पैशाशी जोडला. एका मोहिमेत चोरलेल्या मालाची किंमत पुढच्या मोहिमेपूर्वी दुकानात खर्च करता येते. न खर्चलेले पैसे पुढे जात नाहीत आणि न वापरलेले बाणही. ‘थीफ २’मध्येही (२०००) हाच नियम राहिला. रोलप्लेइंग गेमची सवय असलेला खेळाडू चांगली वस्तू शेवटच्या लढाईसाठी जपतो आणि खेळ संपतो तेव्हा ती तशीच पडून असते. या दोन खेळांत जपण्याला अर्थच उरत नाही. तरी मोहिमेच्या आत जपणूक चालूच राहते, कारण पुढच्या दालनात किती मशाली आहेत हे आधी कळत नाही.

बाणांचे वर्ग खर्चाच्या दृष्टीने पाहण्यासारखे आहेत. पाण्याचा बाण मशाल विझवतो आणि संपतो. विजेच्या दिव्यावर तो निरुपयोगी. शेवाळाचा बाण फरशीवर किंवा लोखंडी जाळीवर मऊ थर पसरवून पावलांचा आवाज दाबतो, तोही संपतो. दोराचा बाण फक्त लाकडासारख्या पृष्ठभागात रुततो, पण वर चढून गेल्यावर उपटून परत घेता येतो. म्हणजे दोराचा बाण हे भांडवल आणि पाण्याचा बाण हा चालू खर्च. नवखा खेळाडू दुकानात बहुधा पाण्याच्या बाणांचा साठा करतो. सरावलेला आधी दोराचे बाण घेतो, कारण छताच्या तुळईवरून गेले की खालच्या मशाली विझवाव्याच लागत नाहीत.

हातात काय आहे याचीही किंमत मोजावी लागते. तलवार उपसली की पात्र अधिक दिसू लागते आणि पात्र किती दिसते हे दाखवणारे पडद्याखालचे प्रकाशरत्न उजळते. कुलूप उघडण्याची अवजारे दोन आहेत, चौकोनी आणि त्रिकोणी दातांची. एकच कुलूप कधी दोन्ही आलटूनपालटून मागते. हे सगळे खेळ न थांबता, उजेडात पाठ करून उभे राहून करायचे असते. आयन स्टॉर्मच्या ‘थीफ : डेडली शॅडोज’मध्ये (२००४) चोरीचा माल शहरातल्या दलालांना विकण्याची सोय आली आणि पैसा टिकू लागला, दोराचे बाण मात्र वगळून भिंत चढण्याचे हातमोजे दिले गेले. जुन्या चाहत्यांची नाराजी त्यावरून बराच काळ टिकली, आणि ती अनाठायी म्हणता येत नाही.

जागा आणि वजन : आयन स्टॉर्मच्या ऑस्टिन शाखेने केलेल्या ‘डेअस एक्स’मध्ये (२०००) सामान तीस चौकटींच्या जाळीत मांडावे लागते. लांब पल्ल्याची रायफल सलग चार चौकटी अडवते, रॉकेट डागणारे शस्त्र त्याहून अधिक. कुलपाची अवजारे एकदा वापरली की संपतात आणि किती लागतील हे कुलपाच्या टक्केवारीवर व पात्राच्या कौशल्यावर ठरते. टेबलाच्या खणात किल्ली सापडली तर तेवढी अवजारे वाचतात. क्ले एंटरटेनमेंटच्या पाळीपाळीने खेळायच्या ‘इनव्हिजिबल, इंक.’मध्ये (२०१५) ताकदीपेक्षा जास्त सामान उचललेल्या हेराची चाल आखूड होते. त्याच कंपनीच्या ‘मार्क ऑफ द निंजा’त (२०१२) एक पोशाख असा आहे की तो चढवल्यास धावण्याचा आवाज होत नाही आणि लक्ष विचलित करणारी दोन साधने नेता येतात, बदल्यात तलवार सोडावी लागते. ‘स्प्लिंटर सेल : केऑस थिअरी’ने (२००५) मोहिमेआधी तयार संच निवडण्याची पद्धत आणली. प्रत्यक्षात गोळ्यांनी भरलेला संच फारसा कोणी निवडत नसावे, कारण शेवटी मिळणारे टक्के न दिसता, न मारता काम केल्याने वाढतात.

संशय हेच ओझे : डेन्मार्कच्या आयओ इंटरॲक्टिव्हची ‘हिटमॅन’ मालिका (२००० पासून) चौकटी किंवा वजन यांवर फारशी विसंबत नाही. मोठी बंदूक लपवता येत नाही आणि उघड नेली की लोक बिथरतात, एवढे पुरते. २०१६ पासूनच्या खेळांत वस्तूची वैधता वेषावर अवलंबून आहे: आचाऱ्याच्या हातातला सुरा कोणाला खटकत नाही, पण वेटरच्या हातात तो दिसला तर पहारेकरी हटकतो. काही दारांवर अंगझडती होते. तेथे पिस्तूल आधीच कोठेतरी ठेवून द्यावे, किंवा मोहिमेपूर्वी ते आतल्या एखाद्या जागी पोचवण्याची सोय वापरावी. साधे नाणे कोठेही चालते, आणि फेकल्यावर पहारेकऱ्याचे डोके वळवायला तेच सर्वांत उपयोगी पडते.

‘हिटमॅन २’मधली (२०१८) मुंबईची मोहीम या संदर्भात नमूद करावी लागेल. झोपडपट्टीच्या गल्ल्या आणि अर्धवट बांधलेला मनोरा यांत दावूद रंगन, वान्या शाह आणि वझीर काळे ही तीन लक्ष्ये आहेत. तिसऱ्याचा चेहरा कोणाला माहीत नाही, म्हणून आधी तो ओळखावा लागतो. याच भागात दुसरा एक मारेकरी बंदूक रोखून बसलेला आहे. योग्य जागी लक्ष्याला आणून उभे केले तर काम त्याच्याच हातून करवून घेता येते आणि स्वतःचे शस्त्र काढावेच लागत नाही. गर्दीच्या जागी सामान कमी बाळगावे हा मालिकेचा आग्रह येथे टोकाला गेला आहे. शहराच्या चित्रणातल्या चुका हा वेगळा विषय.

जानेवारी २०२३ मध्ये मालिकेत आलेल्या फ्रीलान्सर प्रकारात सोबत नेलेले सामान पात्र मेल्यास कायमचे जाते आणि साठवलेल्या चलनाचाही निम्मा भाग जातो. परिणामी भिंतीवर बंदुका टांगलेल्या आणि खिशात मात्र नाणी, असे खेळाडू पुष्कळ दिसतात.

अलीकडील प्रयोग : ‘द लास्ट ऑफ अस’मध्ये (२०१३) पाठपिशवी उघडली तरी खेळ थांबत नाही, शत्रू जवळ असताना पट्टी किंवा चाकू तयार करायचा तर आडोसा शोधावा लागतो. २०२२ मध्ये अर्लीॲक्सेस स्वरूपात, म्हणजे पूर्ण होण्याआधीच, खेळाडूंना उपलब्ध झालेल्या ‘ग्लूमवुड’मध्ये सामान एका बॅगेत असते आणि ती प्रत्यक्ष खाली ठेवून उघडावी लागते. थीफवरून स्फुरलेला आणि चाहत्यांनी तयार केलेला ‘द डार्क मॉड’ २०१३ पासून स्वतंत्रपणे व विनामूल्य चालतो. त्यात दुकान द्यायचे की नाही आणि सुरुवातीला कोणती साधने हाती ठेवायची हे मोहीम रचणारा ठरवतो, त्यामुळे साठ्याचे नियम मोहिमेगणिक बदलतात.