पेडर रोडवरची सरकारी प्रयोगशाळा

थिएटरात मेन पिक्चरच्या आधी लागायची ती डॉक्युमेंटरी म्हटलं की धरणं, पंचवार्षिक योजना आणि भारदस्त आवाजाचा निवेदक एवढंच बऱ्याच जणांना आठवतं. पण आपला देश म्हणजे नक्की काय, हे विचारणारे सगळ्यात धाडसी प्रयोगही त्याच सरकारी खात्यात, म्हणजे फिल्म्स डिव्हिजनमध्ये, मुंबईत पेडर रोडवर झालेत.

मुळात हे इंग्रजांपासूनचं. दुसऱ्या महायुद्धात प्रचारासाठी त्यांनी इन्फर्मेशन फिल्म्स ऑफ इंडिया काढलं आणि थिएटरवाल्यांना त्या फिल्म्स दाखवणं कंपल्सरी केलं, १९४६ ला ते बंद पडलं, मग १९४८ ला आपल्या सरकारने फिल्म्स डिव्हिजन सुरू केली आणि ही सक्तीही परत आली. म्हणजे प्रेक्षक हमखास, पण देश कसा आहे ते निवेदक सांगणार आणि आपण ऐकायचं.

बदललं ते १९६५ नंतर. इंदिरा गांधी तेव्हा माहिती-प्रसारण मंत्री होत्या, आणि फिल्म्स डिव्हिजनमधून युनेस्कोत गेलेले जहांगीर भावनगरी सल्लागार म्हणून परत आले आणि त्यांनी दिग्दर्शकांना चक्क मोकळीक दिली. १९६७ चं वर्ष तर बघाच! एस. एन. एस. शास्त्रींनी 'आय ॲम ट्वेंटी' केली, स्वातंत्र्याबरोबर जन्मलेल्या पोरापोरींना कॅमेऱ्यासमोर बोलू दिलं, कुणी स्वप्नं सांगतंय तर एक जण सरळ म्हणतो माझं देशावर प्रेम नाही, आणि हे सरकारी फिल्ममध्ये! मला अजूनही तो या सगळ्यातला सगळ्यात मोठा क्षण वाटतो. सुखदेवनी 'इंडिया ६७' मध्ये निवेदकच काढून टाकला, एम. एफ. हुसेननी राजस्थानात केलेल्या फिल्मला बर्लिनला गोल्डन बेअर मिळालं. पुढच्या वर्षी प्रमोद पतींची 'एक्सप्लोरर' आली, प्रागला ॲनिमेशन शिकून आलेला माणूस, देव, प्रयोगशाळा, नाचणारी तरुणाई सगळं इतक्या झपाट्याने एकमेकांवर आदळतं की परंपरा कुठली आणि आधुनिक कुठलं हे वेगळं काढताच येत नाही, आणि विजय राघव रावांचं संगीत त्यात अजून भर घालतं.

हे फार टिकलं नाही. भावनगरी खातं सोडून गेले, पती १९७५ ला अकाली वारले, त्याच वर्षी आणीबाणी आली, आणि ज्या सुखदेवनी निवेदक हटवला होता त्यांनीच आणीबाणीच्या बाजूने फिल्म्स केल्या.