थरकाळ सिद्धांत

थरकाळ सिद्धांत : नागपूरच्या भूगोलावर बेतलेल्या एका कल्पनारम्य जगातला काळाचा सिद्धांत. ‘काळ वाहत नाही, साचतो’ हे त्याचे मूळ गृहीतक. भौतिकशास्त्रात त्याला जागा नाही, तो ती मागतही नाही. पण ज्या जमिनीवरून तो सुचला ती खरी आहे, म्हणून आधी जमिनीकडे.

नागपूर दोन खडकांच्या सांध्यावर वसले आहे. पश्चिमेला दख्खनचा काळा बेसाल्ट, सुमारे ६.६ कोटी वर्षांपूर्वीच्या लाव्ह्याचा. सीताबर्डीची टेकडी त्याचीच. पूर्वेला पट्टिताश्म (नाइस, पट्ट्यापट्ट्यांचा दगड) आणि त्याच्या जातीचे खडक, वयाने शंभर कोटी वर्षांच्याही पलीकडचे. लाव्हा एका दमात आला नाही. एक लोंढा यायचा, थिजायचा आणि पुढचा येईपर्यंत त्या थिजलेल्या दगडावर तळी साचायची, झाडे वाढायची. टाकळी भागात अशा दोन लोंढ्यांच्या मधल्या गाळात गोड्या पाण्यातल्या फायसा गोगलगायींचे शंख आणि वनस्पतींचे अवशेष सापडतात. एकोणिसाव्या शतकात मिशनरी स्टीफन हिस्लॉप यांनी ते उजेडात आणले. भूविज्ञान या थरांना अंतरा-ट्रॅपी थर म्हणते. गंमत अशी की जाडजूड लोंढा थोडक्या काळात येऊन बसतो, आणि मधल्या बोटभर गाळाला मात्र वर्षेच्या वर्षे लागतात.

सिद्धांत नेमका इथून निघतो. त्याच्या मते काळाची दोन रूपे आहेत : ओघ आणि थर. ओघात घटना घडतात, पण काळ जमा होत नाही. दोन ओघांच्या मधल्या उसंतीत जे साचते तेच काळ म्हणून मोजायचे. वरून कितीही मोठा ओघ आला तरी खालचा थर दाबला जातो, नाहीसा होत नाही. एवढा एकच अक्षय्यतेचा नियम आहे आणि बाकी सगळे त्यावरून काढता येते.

त्या जगात वय वर्षांत सांगत नाहीत. वीस वर्षे खाली मान घालून राबलेला माणूस ‘एका ओघाचा’ असतो. त्याच्या घरी बसलेली, दुपारी उंबऱ्यावर तांदूळ निवडणारी आजी दोनशे थरांची. सगळ्यांत जाड थर मे महिन्यातल्या दुपारी बसतो, असे हा सिद्धांत मानतो. नागपूरकराला हे समजावून सांगावे लागत नाही. एक ते चार रस्त्यावर चिटपाखरू नसते, खिडकीतला कूलर घरघरत असतो, ओल्या वाळ्याचा वास घरभर असतो. मधेच वीज जाते. पंखा हळूहळू थांबतो आणि ताटीवरून टाकीत पडणारे थेंब ऐकू येऊ लागतात, आधी भराभर, मग एकेक. तो शेवटचा थेंब म्हणजे थराची सुरुवात.

मोजणीचे साधन घटिकापात्र. तांब्याची पातळ वाटी, बुडाला सुईएवढे छिद्र. पाण्याच्या गंगाळात ती तरंगत ठेवली की पाणी खालून आत चढते, काठ एका बाजूला कलतो आणि वाटी गटकन बुडते. झाली एक घटका : ६० पळे, म्हणजे २४ मिनिटे. मुहूर्त साधायला लग्नघरी हीच वाटी असायची. कल्पित नगरीत अशा दोन वाट्या असतात, एक बेसाल्टवर, एक पट्टिताश्मावर. ओघात दोन्ही बरोबर बुडतात. थर साचत असला की पश्चिमेची मागे राहते.

यावर आक्षेप उघड आहे : काळच संथ झाला तर वाटीतले पाणी आणि बघणाऱ्याची नाडीही तितकीच संथ होणार, मग फरक दिसणार कोणाला? सापेक्षतेतही हेच आहे. घड्याळे शेजारी आणल्याशिवाय फरक कळत नाही. १९७१ मध्ये आण्विक घड्याळे विमानातून पृथ्वीभोवती फिरवून आणली आणि घरी ठेवलेल्या घड्याळांशी ताडली, ती याचसाठी. कल्पित नगरीत वाटी बुडाली की टोल देतात. पण दोन वाट्यांमधले पाच किलोमीटर जायला आवाजाला चौदा-पंधरा सेकंद लागतात, म्हणजे अर्ध्या पळाहून जास्त. म्हणून एका पळाच्या आतला फरक तिथे नोंदत नाहीत. रचणाऱ्याने एवढी काळजी घेतली की वाचणारा बाकीचे मान्य करतो.

‘उधारी’चा पोटनियम मात्र लंगडा आहे. भारतीय प्रमाणवेळ ८२°३०′ पूर्व रेखांशाची, नागपूर सुमारे ७९.१° वर; अंशाला चार मिनिटे या हिशेबाने इथला सूर्य घड्याळाच्या साडेतेरा मिनिटे मागे चालतो. ही मिनिटे नगरी रोज पूर्वेला उसनी देते आणि ती कधीच परत येत नाहीत, असे सिद्धांत म्हणतो. पण रेखांश हा माणसांनी ठरवलेला संकेत. त्यात साचण्यासारखे काही नाही. वहीखात्याचे प्रसंग रंगतात म्हणून हा नियम टिकला असावा.

पट्टिताश्मावर लोंढेच नाहीत, म्हणून थरही नाहीत. तिथे जन्मलेल्याला वयच नसते. त्यामुळे पूर्वेकडच्या सुना बाळंतपणाला पश्चिमेच्या नात्यात येतात, शक्यतो उन्हाळ्यात. दाई खाटेशेजारी गंगाळ मांडते. वाटी बुडेपर्यंत बाळाचा जन्म नोंदत नाहीत.