मनोघडण शैलीच्या घरात राहायला येण्यापूर्वी

आपण आमच्याकडे मनोघडण शैलीतील घराची चौकशी केलीत, त्याबद्दल आम्ही आपले आभारी आहोत. या शैलीतील घर रहिवाशांच्या मनःस्थितीवर हेतुपुरस्सर परिणाम करते. छताची उंची, उजेडाचा रंग आणि भिंतींवरून परतणारा आवाज या तिन्ही गोष्टी त्यात दिवसभर संथपणे बदलत राहतात. म्हणूनच आराखड्यावर सही करण्याआधी हे पत्रक घरातील सर्व प्रौढांनी आणि समजत्या वयाच्या मुलांनीही वाचावे, अशी आमची विनंती आहे.

वास्तूचा मनावर परिणाम होतो, हे आम्ही शोधून काढलेले नाही. फिनलंडमधील पाइमिओ येथे १९३३ साली सुरू झालेल्या क्षयरोग रुग्णालयाचा आराखडा करताना वास्तुकार आल्व्हार आल्टो यांनी, रुग्ण बराचसा वेळ उताणा पडून असतो हे ध्यानात घेऊन, छताला डोळे निववणारा हिरवट रंग दिला आणि शेजारच्याची झोपमोड होऊ नये म्हणून पाणी पडताना आवाज होणार नाही अशी बेसिने बसवली. संशोधक रॉजर उलरिच यांनी १९८४ साली प्रसिद्ध केलेल्या अभ्यासात, पित्ताशयाच्या शस्त्रक्रियेनंतर ज्यांना खिडकीतून झाडे दिसत होती ते रुग्ण, विटांची भिंत दिसणाऱ्या रुग्णांपेक्षा लवकर घरी गेले आणि त्यांना तीव्र वेदनाशामकेही कमी लागली. तो अभ्यास अवघ्या ४६ रुग्णांचा होता, त्यामुळे त्यावरून मोठी आश्वासने देणे आम्हाला योग्य वाटत नाही; मात्र प्रत्येक शयनगृहातून झाड दिसलेच पाहिजे, हा आमचा आग्रह तेथूनच आला आहे.

उजेडाच्या बाबतीत आमचा पाया सर्वांत पक्का आहे. डोळ्याच्या पडद्यात मेलानोप्सिन हे द्रव्य असलेल्या काही पेशी असतात. सुमारे ४८० नॅनोमीटर तरंगलांबीच्या निळसर प्रकाशाला त्या सर्वाधिक प्रतिसाद देतात आणि शरीरातील घड्याळाला दिवस-रात्रीची खबर देतात. त्यामुळे या घरात सकाळी भरपूर निळसर-पांढरा उजेड असतो आणि संध्याकाळनंतर तो मंद व तांबूस होत जातो. आवाजासाठी भिंतींवर फिरत्या फळ्या असतात, ज्यांची एक बाजू कठीण लाकडाची आणि दुसरी जाड लोकरीची असते. खोलीतील मऊ वस्तूंमुळे निनाद किती लवकर विरतो याचे गणित भौतिकशास्त्रज्ञ वॉलेस सेबिन यांनी १८९५ पासून हार्वर्डच्या एका व्याख्यानगृहात गाद्या आणून व नेऊन बसवले होते. आम्ही तेच गणित वापरतो. कठीण बाजू पुढे असली की गाणे खुलते, लोकरीची बाजू पुढे असली की माणसे आपोआप हळू बोलू लागतात. छत २.४ मीटर ते ३ मीटरच्या दरम्यान वर-खाली होते. उंच छताखाली विचार मोकळा होतो आणि ठेंगण्या छताखाली तपशिलाकडे लक्ष लागते, असे काही प्रयोगांत दिसले असले तरी या तिन्हींपैकी छताचा परिणाम आम्ही सर्वांत कमी खात्रीचा मानतो.

यापुढील भाग कृपया सावकाश वाचावा. मन घडवणारी वास्तू माणसाच्या विरोधातही वापरता येते. आपल्यावर कोणाची नजर आहे की नाही हे कैद्याला कधीच कळू नये, अशा वर्तुळाकार तुरुंगाचा आराखडा इंग्रज तत्त्वज्ञ जेरेमी बेंथम यांनी १७९१ साली मांडला होता, आणि त्याचे सारे सामर्थ्य त्या न कळण्यातच होते. आमच्या मते मनोघडण शैलीत न कळणाऱ्या बदलाला जागाच असता कामा नये. म्हणून घरातील प्रत्येक बदलाचे वेळापत्रक रहिवासीच ठरवतात आणि ते दारालगतच्या फलकावर सदैव लिहिलेले असते. घर कोणाचाही चेहरा, आवाज किंवा नाडी मोजत नाही. प्रत्येक खोलीत सर्व हालचाल जागच्या जागी थांबवणारी खटकी असते, आणि ती मुलांच्या हाताला येईल इतक्या उंचीवर बसवलेली असते. शिवाय एक खोली पूर्णपणे स्थिर ठेवली जाते. ती वगळून मिळावी, अशी मागणी आम्ही स्वीकारत नाही, कारण घराने घडवलेली मनःस्थिती आपली स्वतःची आहे का, हे पडताळून पाहायला माणसाला घरातच एक जागा हवी.

हे घर नैराश्यावरचा उपचार नाही आणि बिघडलेले नाते ते सांधत नाही. घरात कोणाला द्विध्रुवी मनोविकार (बायपोलर डिसऑर्डर) असल्यास उजेडाचे वेळापत्रक डॉक्टरांच्या सल्ल्यानेच ठरवावे, कारण प्रखर प्रकाशामुळे काही रुग्णांमध्ये उन्मादाची अवस्था सुरू होऊ शकते. पाहुण्यांना घराविषयी आधीच सांगावे. त्यांनी विनंती केल्यास यंत्रणा थांबवणे हे यजमानाचे कर्तव्य आहे आणि करारपत्रात तसे कलमही आहे.

घराचा ताबा देताना सर्व यंत्रणा बंद असतात. त्या एकेक करून, आपल्या हाताने आणि आपल्याला हव्या त्या क्रमाने सुरू कराव्यात. पुढे घर विकल्यास जुने वेळापत्रक पुसून छत, फळ्या व दिवे मूळ स्थितीत आणूनच ते नव्या मालकाच्या हवाली करावे लागते; हे काम आम्ही विनामूल्य करून देतो.