सरकारी गिरणीच्या तीन तारखा

‘बाबा सरकारी गिरणीत होते’ हे वाक्य कळवा, दिवा, डोंबिवलीपासून ऐरोली, घणसोलीपर्यंत अनेक घरांत ऐकू येते. गिरणगावातली खोली सोडून खाडीपलीकडे आलेल्यांची ही घरे. पण मुंबईतली कापड गिरणी सरकारी कधी झाली, हे विचारले की उत्तरे अडखळतात. चूक त्यांची नाही. सरकारनेच गिरण्या एका झटक्यात घेतल्या नाहीत. आधी कारभार हाती घेतला, मालकी काही वर्षांनी घेतली आणि त्यानंतर गिरणी बंद केली. या तीन तारखांमधली अंतरे कामगारांच्या देण्यांना फार महागात पडली.

राष्ट्रीय वस्त्रोद्योग महामंडळ, म्हणजे सगळ्यांच्या तोंडची एनटीसी, १९६८ साली स्थापन झाले. त्याआधीही आजारी गिरणीचा कारभार ताब्यात घेण्याचा अधिकार उद्योग (विकास व नियमन) कायदा, १९५१ मध्ये होता. १९७२च्या अखेरीस ४६ गिरण्यांचा कारभार सरकारकडे आला. पुढे १९७४च्या राष्ट्रीयीकरण कायद्याने १ एप्रिल १९७४पासून देशभरातल्या १०३ गिरण्यांची मालकी सरकारकडे गेली. महाराष्ट्रातल्या गिरण्या ‘दक्षिण महाराष्ट्र’ आणि ‘महाराष्ट्र उत्तर’ अशा दोन उपकंपन्यांत वाटल्या गेल्या. म्हणून जुन्या पगारपावत्यांवर गिरणीच्या नावाखाली कधी एका, तर कधी दुसऱ्या उपकंपनीचे नाव दिसते. त्या दोन वेगळ्या नोकऱ्या नव्हेत.

दुसरी खेप संपानंतरची. १८ जानेवारी १९८२ रोजी डॉ. दत्ता सामंत यांच्या नेतृत्वाखाली सुमारे अडीच लाख कामगार बाहेर पडले. बरोबर २१ महिन्यांनी, १८ ऑक्टोबर १९८३ रोजी, वटहुकूम काढून मुंबईतल्या १३ गिरण्यांचा कारभार सरकारने घेतला. एल्फिन्स्टन, फिनले, गोल्ड मोहर, जाम, कोहिनूरच्या तीन, न्यू सिटी, पोदार व पोदार प्रोसेस, मधुसूदन, सीताराम आणि टाटा या त्या गिरण्या. मात्र त्यांची मालकी सरकारकडे आली ती १९९५च्या कायद्याने, तीही १ एप्रिल १९९४ ही तारीख धरून. मधली साडेदहा वर्षे गिरणी चालवत होती एनटीसी आणि कागदोपत्री मालक होती जुनी कंपनी. १९७४च्या कायद्यातही हाच धागा आहे. सरकारने कारभार घेतल्यानंतरचे पगार वगळता ठरलेल्या तारखेआधीची देणी जुन्या मालकाची, आणि ती मागायची तर देणी-आयुक्ताकडे दावा लावायचा. तारखेनंतरची एनटीसीची. ज्याची नोकरी दोन्हीकडे पसरली, त्याचा हिशेबही दोन तुकड्यांत गेला.

आता गिरणीच्या आत. सरकारच्या वाट्याला आलेल्या गिरण्यांत बहुतेक साधे, धोट्याचे माग होते. धोटा आडवा धागा इकडून तिकडे नेतो, त्याची एक खेप म्हणजे एक फेका. मिनिटाला साधारण १८० फेके. धोट्यातल्या कांडीवर ३० ग्रॅम सूत धरले आणि ते ३० काउंटचे (काउंट म्हणजे सुताच्या बारीकपणाचे माप) असेल, तर लांबी भरते सुमारे १,५०० मीटर. कापडाचा पन्हा सव्वा मीटरच्या आसपास असला की एका फेक्याला तेवढेच बाण्याचे, म्हणजे आडवे, सूत जाते, म्हणजे सात मिनिटांत कांडी रिकामी. दोन माग सांभाळणाऱ्याला साडेतीन मिनिटांनी एक कांडी बदलायची. चार माग दिले की पावणेदोन मिनिटांनी. यात ताण्याचा, म्हणजे उभा, धागा तुटला तर तो ओवणे वेगळे. दोन माग की चार, हा वाद मजुरीइतकाच या मिनिटांचा होता.

धागा तुटण्याची कारणे मागावर कमी आणि त्याच्या मागच्या खात्यांत जास्त. पैसे नसले की कापसाच्या मिश्रणात आखूड धाग्याचा माल वाढतो, मग सूत कातणाऱ्या रिंग फ्रेमवर सूत तुटते आणि सांधे वाढतात. सायझिंगमध्ये, म्हणजे ताण्याला खळ देताना, ती पातळ लागली तर ताणा घासून पिसतो, जाड लागली तर कडक होऊन तटकन तुटतो. विणाई खात्यातली हवा ७५ ते ८० टक्के दमट लागते. दमटपणा देणारी जुनी यंत्रणा बंद पडली की मार्च-एप्रिलच्या दुपारी सुताचा नुसता भुगा. अशा वेळी मागवाल्याला बोलून उपयोग नसतो, हे जॉबरला, म्हणजे खात्याच्या मुकादमाला, कळत होते. हिशेबाच्या कागदांवर मात्र ‘कमी उत्पादकता’ एवढेच उमटत राहिले.

त्यात नियंत्रित कापडाचे ओझे. रेशनवर स्वस्तात विकायचे धोतर, साडी, लाँगक्लॉथ खर्चापेक्षा कमी दराने काढावे लागे. १९७८च्या धोरणाने खासगी गिरण्यांना यातून मोकळे केले आणि हा भार एनटीसी व हातमागावर आला. अनुदान होते, पण जुनी यंत्रे बदलायला त्यातून काही उरत नव्हते. १९८५च्या धोरणाने गिरणी, यंत्रमाग आणि हातमाग यांना एका रांगेत उभे केले. भिवंडीत बारा-बारा तासांच्या पाळीत, पीएफ-ईएसआयसीशिवाय निघणाऱ्या कापडाशी दराची बरोबरी करणे एनटीसीला कधीच शक्य नव्हते. संपात नोकरी गेलेले काही विणकर त्याच भिवंडीच्या यंत्रमागांवर लागले, हा या कहाणीतला सर्वांत कडू भाग.

बदली कामगाराचा मुद्दा आजही कागदपत्रांत खटकतो. बदलीवाला रोज फाटकावर हजर राहायचा. कायम कामगार गैरहजर असला तरच त्याला काम. तेव्हाचा ग्रॅच्युइटी कायदा १९७२चा. महिन्याचे मूळ वेतन व महागाई भत्ता घ्यायचा, २६ने भागायचे, १५ने गुणायचे आणि सेवेच्या वर्षांनी गुणायचे. २,६०० रुपये वेतन असेल तर वर्षाला १,५०० रुपये, २२ वर्षांचे ३३,०००. प्रश्न ‘वर्ष’ कशाला म्हणायचे, हा. सोलापूरच्या लक्ष्मी विष्णू गिरणीच्या खटल्यात १९८१ साली सर्वोच्च न्यायालयाने ठरवले की प्रत्यक्ष २४० दिवस काम नसेल तर ते वर्ष मोजायचे नाही, आणि बदलीचा काळही धरायचा नाही. १९८४मध्ये सलग सेवेची व्याख्या कायद्यात नव्याने घातली गेली. तोवर अनेकांची वर्षे गळली होती. ‘बावीस वर्षे गिरणीत’ आणि हिशेबात सोळा, असा फरक दिसला की आधी बदलीची वर्षे तपासावीत.

नव्वदच्या दशकात एनटीसीच्या बहुतेक उपकंपन्या आजारी उद्योगांच्या मंडळापुढे, म्हणजे बीआयएफआरकडे गेल्या. कापसाला पैसे नाहीत, पण पगार सरकार देते, अशी वर्षे गेली. मग स्वेच्छानिवृत्ती आली. तिचे सूत्र गुजरातच्या धर्तीवर होते: झालेल्या प्रत्येक वर्षाचे ३५ दिवस, उरलेल्या प्रत्येक वर्षाचे २५ दिवस. २२ वर्षे झालेली आणि ८ उरलेली असतील तर ७७० अधिक २००, म्हणजे ९७० दिवसांचे वेतन. ग्रॅच्युइटी आणि पीएफ यापलीकडे. निवृत्तिवेतनाची तारीख आणखी वेगळी: कर्मचारी पेन्शन योजना १६ नोव्हेंबर १९९५ची आहे आणि मासिक पेन्शनला दहा वर्षांची सेवा लागते. संपात नाव कमी झालेल्याला म्हणूनच ती सहसा लागू होत नाही.

पैसे उभे राहिले जमिनीतून. १९९१च्या विकास नियंत्रण नियमावलीतला ५८वा नियम गिरण्यांच्या जमिनीचा होता. ढोबळमानाने एक भाग पालिकेला, एक म्हाडाला, एक मालकाला. २००१च्या दुरुस्तीने ही वाटणी फक्त मोकळ्या जागेपुरती केली आणि मार्च २००६मध्ये सर्वोच्च न्यायालयाने ती कायम ठेवली. त्याच सुमारास, २००५ साली, एनटीसीने पाच गिरण्या विकल्या. मुंबई टेक्स्टाइल मिलचे ७०२ कोटी, कोहिनूर क्रमांक ३चे ४२१ कोटी. पाचांचे मिळून दोन हजार कोटींवर. (या नियमाखालच्या मुंबईतल्या गिरण्यांची संख्याही ५८च आहे, त्यांतल्या २५ एनटीसीच्या. नियमाचा आकडा आणि गिरण्यांचा आकडा यांची सरमिसळ सर्रास होते.)

म्हाडाच्या सोडतीतून गिरणी कामगारांना मिळणाऱ्या घरांसाठी तारीख धरली आहे १ जानेवारी १९८२. संपाच्या १७ दिवस आधीची असल्याने संपात नाव गेलेलेही पात्र ठरतात. जून २०१२च्या सोडतीत ६,९२५ घरे होती, मार्च २०२०मध्ये ३,८९४. डिसेंबर २०१६ची २,४१७ घरे मात्र मुंबईत नाहीत. ती नवी मुंबईच्या वेशीवर, पनवेल तालुक्यातल्या कोन गावी. भाड्याच्या योजनेतल्या १६० चौरस फुटांच्या दोन खोल्या जोडून एक घर, किंमत सहा लाख. करोनाकाळात तिथे विलगीकरण केंद्र झाले आणि ताबा लांबला. भिवंडीजवळ रांजनोळीलाही अशीच घरे आहेत.

ठाण्याची रेमंड मुंबईबाहेरची, म्हणून या ५८मध्ये नाही. तिथल्या कामगाराने या योजनेत अर्ज करून उपयोग नाही. बाकीच्यांनी ओळखपत्र, तिकीट नंबर, सेवा प्रमाणपत्र, लाल पास, पीएफ व ईएसआयसी क्रमांक, पगारपावती यांतले जे आहे ते एकत्र ठेवावे आणि नावाचे स्पेलिंग आधारशी जुळते का, ते पाहावे. हजेरीच्या वहीत वडिलांचे नाव आणि आधारवर आडनाव, असा फरक नेहमीचा. कामगार हयात नसेल तर वारसाचे कागद वेगळे लागतात.

एनटीसीच्या ज्या २३ गिरण्या २०२०पर्यंत चालू होत्या, त्या मार्चच्या टाळेबंदीत थांबल्या. दादरची टाटा मिल त्यांतलीच. गिरणी थांबली, पण तिच्या कामगारांची तिसरी, म्हणजे गिरणी बंद केल्याची, तारीख तेव्हा कागदावर पडली नाही.