माजी सैनिकांचे युद्धकथन व माहितीपट (सोलापूर)

रणांगणावर प्रत्यक्ष असलेल्या माणसाची हकिकत त्याच्याच तोंडून चित्रित करायची, तिच्यातून माहितीपट बांधायचा आणि मूळ चित्रीकरणही जपून ठेवायचे, अशी ही पद्धत. मौखिक इतिहासात ती मोडते. सोलापूर जिल्ह्यात आता घाई आहे ती वयाची. १९७१ च्या युद्धात विशीत असलेला जवान आज सत्तरीपार आहे, १९६२ चा ऐंशीच्या पुढे. ब्रह्मदेश, इटलीत लढलेली महायुद्धाची पिढी तर जवळजवळ संपलीच.

सोलापूरकराची पडद्यावर आलेली सर्वांत प्रसिद्ध युद्धकथा नेमकी या पद्धतीच्या उलट आहे. डॉ. द्वारकानाथ कोटणीस (१९१०–४२) १९३८ मध्ये वैद्यकीय पथकातून चीनला गेले, जपानविरुद्धच्या युद्धातील जखमींवर उपचार करीत राहिले आणि तिकडेच वारले. १९४६ साली व्ही. शांताराम यांनी त्यांच्यावर चित्रपट काढला व डॉक्टरांची भूमिका स्वतःच केली. कोटणीस घराघरांत पोचले, पण आवाज नटाचा. माहितीपटाला हवा असतो तो खुद्द माणसाचा, अडखळणारा.

तो सहजी मिळत नाही. ‘युद्धाबद्दल सांगा’ म्हटले की सुभेदारसाहेब ताठ बसतात आणि पलटण, ठाणे, तारीख असा रिपोर्ट फौजी हिंदीतून देतात. लोखंडी ट्रंक उघडली की सूर बदलतो. वर डिस्चार्ज बुक, म्हणजे फौजेतल्या नोकरीची अधिकृत नोंदवही, खाली पदके, तळाशी प्लास्टिकच्या पिशवीत आंतरदेशीय पत्रे. पत्र हातात आले की माणूस घरच्या बोलीत शिरतो. ही बोली इथे एकच नाही: अक्कलकोटकडे कन्नड, शहराच्या पूर्व भागात तेलुगू, कुठे उर्दू, बाकी मराठी. दुभाषा म्हणून नातवाला बसवण्याचा मोह होतो. पण नातू समोर असला की आजोबा मेलेल्या सोबत्याचे सांगत नाहीत. त्यापेक्षा जुना फौजी दोस्त बरा.

पत्नीचे कथन बहुधा राहून जाते, आणि ही मोठी चूक. दाराआडून तारखा दुरुस्त करते ती तीच. कोणते मूल पोटात होते, त्यावरून तिला साल सापडते. तारेची धास्ती, मनिऑर्डरीची वाट हे तिच्याखेरीज कोण सांगणार?

ध्वनिमुद्रण हा सोलापुरातला खरा ताप. यंत्रमागांची खटखट भिंतीतून आत येते. माग बंद असण्याची वेळ गाठावी लागते. उन्हाळ्यात पारा चाळिशीपार, आणि माइकसाठी पंखाही बंद. म्हाताऱ्या माणसाला सलग पाऊण तास बसवू नये.

पूर्वी १६ मिमी फिल्मचे ४०० फुटी रीळ सुमारे ११ मिनिटांत संपे, म्हणजे आजोबांचा अडकित्ता थांबायच्या आत. डिजिटल कॅमेऱ्याने ती अडचण गेली. आठवण आणि डिस्चार्ज बुक जुळले नाही, तर आठवण कापू नये; फरक निवेदनात सांगावा. काही जण शासकीय गुपिते अधिनियम, १९२३ मनात धरून ठाण्यांची नावे टाळतात, तेथे खोदू नये.

अर्ध्या तासाच्या माहितीपटामागे दहा-दहा तासांचे चित्रीकरण उरते. संशोधकाच्या कामाचे खरे तेच, आणि नव्या कामासाठी हार्ड डिस्क रिकामी करताना पहिले पुसले जाते तेही तेच. म्हणून दोन प्रती दोन जागी ठेवतात. प्रत्येक फाइलच्या आरंभी नाव, हुद्दा, पलटण, गाव व तारीख कथन करणाऱ्याकडूनच वदवून घेतात. डिस्कवरची चिठ्ठी गळून पडली तरी आत कोण आहे ते कळते.