काळा सूर्य आणि राहूचं वेळापत्रक

अद्भुतकथेसाठी नवं जग रचणारा लेखक कधी ना कधी भर दिवसा सूर्य विझवतोच. बहुतेक कथा इथे कच्च्या राहतात, कारण अंधार पडतो पण त्याला ना मुदत असते ना हद्द. मग तो कुठेही, कितीही वेळ पडू शकतो आणि त्याचा धाक उरत नाही. आपल्या परंपरेने हाच प्रसंग ऋग्वेदापासून पुनःपुन्हा घडवला. काल्पनिक आकाश रचणाऱ्याला त्याहून चांगली पूर्वपीठिका सापडणं कठीण आहे.

ऋग्वेदाच्या पाचव्या मंडलातल्या ४०व्या सूक्तात स्वर्भानू नावाचा असुर सूर्याला अंधाराने विंधतो आणि अत्री तो झाकलेला सूर्य शोधून काढतात. तिथे सूर्याला गिळणारं मुंडकं नाही. ते पुराणांत आलं. समुद्रमंथनानंतर देवांच्या पंगतीत बसून हा असुर अमृत पितो, सूर्य आणि चंद्र त्याची चहाडी करतात, विष्णू त्याचं डोकं उडवतो. डोकं राहू झालं, धड केतू. रचनेच्या दृष्टीने यातली सर्वांत पक्की जागा म्हणजे कापलेला गळा. सूर्य गिळला तरी तो पोटात जात नाही, थोड्याच वेळात बाहेर पडतो. ग्रहण सुटतं का, याचं उत्तर राक्षसाच्या देहातच ठेवलेलं आहे. 'दे दान सुटे गिराण' या हाकेमागेही तोच भरवसा आहे: सुटणार हे ठरलेलं, आपण फक्त हातभार लावायचा.

इ.स. ४९९च्या सुमारास आर्यभटाने स्वच्छ लिहिलं की चंद्र सूर्याला झाकतो आणि पृथ्वीची सावली चंद्राला. पुढच्याच शतकात इंदूरहून जेमतेम ५५ किलोमीटरवरच्या उज्जैनीत वराहमिहिराने बृहत्संहितेत राहूवर अख्खा अध्याय लिहिला. ग्रहणाचं खरं कारण राहू नव्हे हे सांगून झाल्यावर त्याच अध्यायात तो ग्रासाचे, म्हणजे बिंब झाकलं जाण्याचे दहा आणि मोक्षाचे, म्हणजे सुटण्याचेही दहा प्रकार देतो. शिवाय दर सहा महिन्यांच्या पर्वाला एक अधिपती नेमतो: ब्रह्मा, चंद्र, इंद्र, कुबेर, वरुण, अग्नी, यम. हे सहा महिने उगीच निवडलेले नाहीत, ग्रहणं खरोखरच साधारण त्याच अंतराने येतात. म्हणजे गणिताने राहूला हाकललं नाही, त्याला वेळापत्रक लावून दिलं. पंचांगात राहू आजही आहे तो आकाशातला एक चालता बिंदू म्हणून.

तो बिंदू असा. चंद्राची कक्षा सूर्याच्या भासमान मार्गाला सुमारे ५ अंशांनी कललेली आहे. दोन्ही मार्ग एकमेकांना दोन ठिकाणी छेदतात, ते राहू आणि केतू. अमावास्येला सूर्य यांपैकी एकाच्या जवळ, ढोबळमानाने १५ ते १८ अंशांच्या आत असेल तरच ग्रहण लागतं, एरवी चंद्र वरून किंवा खालून निसटतो. हे बिंदू उलटे सरकतात आणि १८.६ वर्षांत फेरी पुरी करतात. त्यामुळे सूर्य त्याच बिंदूशी ३६५ नव्हे, ३४६.६ दिवसांनी पोचतो आणि ग्रहणांचा हंगाम दरवर्षी सुमारे १९ दिवस अलीकडे येतो. १८ वर्षं, ११ दिवस आणि ८ तासांनी जवळजवळ तसंच ग्रहण पुन्हा लागतं, पण त्या ८ तासांत पृथ्वी एक-तृतीयांश फिरलेली असते, म्हणून सावली पश्चिमेला दुसऱ्याच देशांवर पडते.

इंदूरवरून गेलेली सावली याचा उत्तम नमुना आहे. २२ जुलै २००९ला सूर्य इथे ग्रस्तोदित होता, म्हणजे ग्रहण लागलेल्या स्थितीतच उगवला. ६ वाजून २२ मिनिटांच्या सुमारास संमीलन झालं, म्हणजे बिंब पूर्ण झाकलं गेलं, आणि खग्रास स्थिती सुमारे तीन मिनिटं टिकली. वडोदरा सावलीच्या पट्ट्याच्या उत्तर कडेजवळ, म्हणून तिथे ती बरीच कमी. सुरतेहून निघालेली सावली तीन-चार मिनिटांत पाटण्याला पोचली होती. पावसाळी ढगांनी ठिकठिकाणी बिंब झाकलं, तरी अंधार ढगांखालीही पडतोच, त्याला निरभ्र आकाश लागत नाही. त्या दिवशी इंदूरच्या मराठी घरांत आषाढी अमावास्या, दिव्यांची अवस होती. शेजारच्या हिंदी घरांत तीच तिथी श्रावणातली हरियाली अमावस्या, कारण त्यांचा महिना पौर्णिमेला संपतो. एकाच शहरात एकाच काळ्या सूर्याची नोंद दोन महिन्यांत होते. काल्पनिक राज्यांच्या इतिहासकारांत भांडण लावायला याहून चांगलं निमित्त कोणतं? याच १८ वर्षांच्या मालिकेतलं पुढचं ग्रहण २ ऑगस्ट २०२७ला, उत्तर आफ्रिका आणि अरबस्तानावर.

आता चुकतं कुठे ते. सर्वांत जास्त आढळणारी चूक म्हणजे सूर्य झाकलेला आणि रात्री आकाशात टपोरा चंद्र. जयद्रथवधाची प्रचलित कथा अनेक जण ग्रहणाने समजावतात, पण त्याच रात्रीच्या युद्धात थकलेलं सैन्य चंद्रोदयाची वाट पाहत झोपतं, आणि अमावास्येच्या रात्री चंद्र उगवत नाही. कृष्णाची माया मायाच राहू द्यावी, ती कथा म्हणून जास्त भक्कम आहे.

दुसरी चूक मुदतीची. आपल्या आकाशात खग्रास साडेसात मिनिटांपुढे जात नाही आणि पट्टा सहसा अडीचशे-पावणेतीनशे किलोमीटरांहून रुंद नसतो. एका गावाला सरासरी पावणेचारशे वर्षांनी पाळी येते. तासभर अंधार हवा असेल तर चंद्र बराच मोठा दिसायला हवा, आणि मग सूर्याभोवतीचा प्रभामंडलही झाकला जाऊन नुसतं काळं आकाश उरेल. उलट चंद्र किंचित लहान ठेवला की कायम कंकणाकृती ग्रहणच लागेल. कडेने शंभरातला एक भाग सूर्य उघडा राहिला तरी दिवस दिवसच राहतो. कक्षेला कल दिलाच नाही तर दर अमावास्येला ग्रहण, आणि त्याला मग कोणी दचकणार नाही.

दोन चंद्र असतील तर प्रत्येकाला वेगळा राहू द्यावा लागतो. एकाचं ग्रहणवर्ष, म्हणजे सूर्य त्याच बिंदूशी परत पोचण्याचा काळ, ३०० दिवसांचं, दुसऱ्याचं ४२० दिवसांचं धरलं तर सुरुवातीला जुळलेले हंगाम तसेच २१०० दिवसांनी जुळतात. पण दुहेरी ग्रहणाला दोघांची अमावास्याही त्याच दिवशी यावी लागते, म्हणून ते त्याहून कितीतरी विरळ असेल. आधी हा तक्ता मांडावा, मग राक्षस कोणता ते ठरवावं.